शेवटचं रीळ पुढच्या रविवारी

सोलापुरात आमची एक फिल्म सोसायटी होती. सभासद मोजके, पण अध्यक्ष, उपाध्यक्ष, कार्याध्यक्ष सगळे होते. रविवारी सकाळी एका शाळेच्या हॉलमध्ये काळे पडदे लावून परदेशी चित्रपट दाखवत. पुरुष उजवीकडे, बायका डावीकडे. जागतिक सिनेमा पाहायचा, पण कीर्तनाला बसल्यासारखं बसून. डावीकडे बहुधा मी आणि एका डॉक्टरांच्या पत्नी असायचो. त्या पहिल्या रिळातच झोपत.

मी मुलींच्या शाळेत इंग्रजी शिकवत होते आणि एका तेलुगू विणकर कुटुंबाच्या माडीवर खोली घेऊन राहत होते. खाली दिवसभर मागाचा खडखडाट चाले. सुट्टीच्या दिवशी तो थांबला की मला करमत नसे.

उजवीकडे बँकेतले एक गृहस्थ बसत. वाचनालयाच्या पुस्तकांतल्या छापील चुका ते पेन्सिलीनं सुधारत. आधी ती बारीक पेन्सिल मला पुस्तकापुस्तकांतून भेटत राहिली, मग एकदा माणूसही भेटला. पुढे वर्षभर आम्ही वाचनालयाच्या जिन्यात उभे राहून पुस्तकांबद्दल बोललो. दुसऱ्या कशाबद्दल नाही. मग त्यांची नागपूरला बदली झाली. आता तरी ते काही विचारतील, असं मला वाटत होतं. त्यांनी विचारलं, "ते इंग्रजी नाटक वाचलंत ना? रविवारी त्यावरचा चित्रपट आहे." तो त्यांचा सोलापुरातला शेवटचा रविवार होता.

अध्यक्षांचं नवी पेठेत कापडाचं दुकान होतं. नवं कपाट आलं तरी ते नारळ फोडत. फिल्म तर साक्षात सरस्वती. त्यांनी रिळांच्या डब्यांना हार घातले, हळदकुंकू वाहिलं, आणि कलेला सीमा नसतात हे बराच वेळ सांगितलं. हळदकुंकू इतकं सढळ होतं की डब्यांवरची लेबलं दिसेनाशी झाली.

चित्रपट ब्रिटिश, बोलपट नुकते बोलू लागले होते तेव्हाचा. कॅमेरा जणू नाटकाचं तिकीट काढून बसला होता, जागचा हलत नव्हता. दिवाणखान्यात मधोमध एक फुलदाणी. माइक तिच्यात लपवलेला असणार, कारण प्रेमाचं काही बोलायचं असलं की नायक-नायिका लगबगीनं तिच्याजवळ येत. तिथं येऊन ती दोघं हवेबद्दल बोलत. मला हसू आलं, पण फार वेळ टिकलं नाही. आमच्या जिन्यात फुलदाणीही नव्हती.

नायकाला परदेशी नोकरी लागते. तो टोपी हातात घेऊन दाराशी जातो, मागे वळून पाहतो. तिथं रीळ संपलं. शेवटचा डबा उघडून लावला, आणि पडद्यावर ट्रॅक्टर आला. पाठोपाठ सुधारित ज्वारीचं बियाणं.

"शेती करायला गेला वाटतं," उजवीकडून कुणीतरी म्हणालं.

"मग बरं केलं की! नोकरीत काय हाय?"

दिवे लागले. कुंकू पुसल्यावर शेतीखात्याचं लेबल निघालं. कुणी उठेना.

"आसं अर्ध्यात सोडून घरी कसं जायचं?" अध्यक्ष म्हणाले. "बाई, तुमी वाचलंय म्हणं. तुमी सांगा की शेवट."

मी उभी राहिले. नाटकात तो जातो. दार बंद होतं, ती चहाचे कप आवरते, पडदा पडतो. मी उजवीकडे न बघता म्हणाले, "ती त्याला थांबा म्हणते. एवढंच. तो टोपी पुन्हा खुंटीला लावतो."

"लई बेस!" अध्यक्ष म्हणाले. टाळ्या पडल्या. डॉक्टरांच्या पत्नी जाग्या झाल्या.

टाळ्या थांबल्यावर उजवीकडून तो ओळखीचा, सौम्य आवाज आला. "माफ करा बाई, माझ्या आठवणीप्रमाणे तो निघून जातो. ती कप आवरते."

"असेल," मी म्हणाले आणि बसले.

बाहेर चहाच्या वेळी ते माझ्याजवळ आले. "तुमच्यासारख्यांची अशी चूक कशी झाली, याचं नवल वाटलं," म्हणाले. त्यात खोच नव्हती. खरोखरचं नवल होतं. मी प्रवासाला शुभेच्छा दिल्या. हवेबद्दलही थोडं बोललो. सोलापुरात त्याला विषय एकच, ऊन.

खरं रीळ त्या आठवड्यात आलं. पुढच्या रविवारी ते पाहायला पाचसात माणसं जमली. या वेळी अध्यक्षांनी आधी लेबल वाचलं, मग कुंकू लावलं. पडद्यावर तो दारापाशी गेला. ती जागची उठली, फुलदाणी मागे टाकून थेट दाराशी गेली आणि काहीतरी बोलली. माइकपासून लांब असल्यामुळे नीट ऐकू आलं नाही. त्यानं टोपी खुंटीला लावली. चित्रपटवाल्यांनी नाटकाचा शेवट बदलला होता.

"बाईच बरोबर हुत्या की!" अध्यक्ष खुर्चीत वळून म्हणाले. "त्या बँकवाल्या सायबांना कळवा. पत्ता हाय ना तुमच्याकडं?"

पत्ता होता. पण मी कळवलं नाही. आपली चूक कुणी दाखवली की ते मनापासून आभार मानत. नागपूरहून तसंच आभाराचं कार्ड आलं असतं, सुवाच्य अक्षरात, आणि त्यात बाकी काही नसतं. त्या कार्डापेक्षा सुट्टीच्या दिवशीचा खालचा बंद माग बरा.