आबा म्हणत्यात

माझी शाळा तिसरीत सुटली. तरी अंगठा कधी लावला न्हाई, सही करतो. आणि कुणाच्या दारात काही मागायला गेलो न्हाई. म्हणून सुनेनं हुंड्याच्या छळाची केस केली आणि पोराच्या खाली माझं नाव घातलं, तेव्हा मी चावडीवर उभा राहून सांगितलं, ही पोरगी खोटी हाय.

कोरेगावच्या कोर्टानं आम्हा बापलेकांना सोडलं. साक्षी चालल्या तेव्हा मी मागं उभा असायचो, पण साक्षीदार टायपिंगवाल्याकडं तोंड करून बोलणार आणि माझे कान अर्धे. वाटलं, मिटलं. तर सुनेनं साताऱ्याला वरच्या कोर्टात अपील केलं.

"सुटलेल्या माणसाला परत धरत्यात व्हय?" मी वकिलाला विचारलं.

"धरत नाहीत, आबा. तेच कागद परत वाचतात. तुम्ही येऊ नका, उगीच एसटीचा हेलपाटा."

"माझं नाव हाय त्यात. मी येणार."

गेलो. सुनेच्या वकीलबाईचा आवाज खणखणीत. तिनं सुनेची जबानी पहिल्यापासून वाचायला घेतली, आणि ती मला पहिल्यांदा धड ऐकू आली.

'नवरा म्हणायचा, आबा म्हणतात, टेम्पोसाठी बापाकडून पैसे आण. आबा म्हणतात, आणत नाही तोवर हिला भाकरी देऊ नको. एकदा मला मागच्या खोलीत कोंडलं. म्हणाला, आबांनीच कडी लावायला सांगितली.'

बायको माझी पोराच्या लग्नाआधी गेली, आणि आमच्यात सून सासऱ्याशी तोंडावर बोलत न्हाई. तिचं काय असंल ते पोरगं मला सांगणार, माझं तिला सांगणार. तिला कोंडलं त्या दिवशी पोरगं मला म्हणालं, ती माहेरी गेली. रहिमतपुरातनं वडापाव घेऊन आला. मी पडवीत बसून खाल्ला.

मी उभा राहिलो. "जज्जसायेब, मी आसं म्हणालो न्हाई."

"आजोबा, बसा. इथं नवीन साक्ष घेत नाहीत. आहे तेच बघतो आम्ही."

पोरानं सदरा ओढला. "आबा, बसा की. लोक बघत्यात."

"बघू देत. म्हणालो का रं मी?"

त्यानं मान वर केली न्हाई.

दुपारी वऱ्हांड्यात सून तिच्या वडिलांबरोबर उभी होती. मी जवळ गेलो तसा तिनं पदर ओढून तोंड फिरवलं.

"आता काय राहिलंय?" तिचे वडील म्हणाले.

"तिला इचारायचंय. कागदावरचं खरं हाय का?"

"दादा, त्यास्नी सांगा, खरं हाय," ती वडिलांना म्हणाली. मग माझ्याकडं न बघता बोलली. "आवं आबा, मला कोंडलं तवा तुमी पडवीत खोकत हुता. मला ऐकू येत हुतं. मी दार वाजवलं न्हाई. म्हटलं, ज्यांनी कडी लावायला सांगितली ते काढत्यात व्हय?"

तिचा आवाज मी असा समोर उभं राहून पहिल्यांदाच ऐकला.

पुढच्या तारखेला निकाल लागला. पोराची सुटका रद्द झाली, त्याला शिक्षा लागली. माझी सुटका कायम. वकील खुशीत होता. "मागणी तिनं तुमच्या तोंडून कधी ऐकली नाही, म्हणून संशयाचा फायदा तुम्हाला. जिंकलात की आबा."

"मला कुणाचा फायदा नको. ह्यो म्हणाला न्हाई, येवढं लिवा म्हणावं."

"तसं कुठं लिहितात?"

"मग मी अपील करतो."

"स्वतःच्या सुटकेवर? आबा, घरी जावा आता."

तेवढ्यात पोलीस पोराला घेऊन निघाले. तो दारात थांबला. "आबा, वकिलास्नी सांगा की, हायकोर्टात जायचं म्हणून."

वकील माझ्या तोंडाकडं बघायला लागला.

"तुझं तू सांग," मी पोराला म्हणालो. "माझ्या नावावर काय खपवू नगंस."

तो गेला. मी कोर्टाच्या पायरीवर बसलो. तिचे वडील तिला घेऊन माझ्या शेजारनंच उतरले. तिनं पदर सावरला, पण ह्या खेपेला तोंड फिरवलं न्हाई.