सुध्याला दिलेली गोष्ट

ही गोष्ट मी आजवर कुणालाच सांगितलेली नाही. मला ओळखणारे म्हणतील, नाना आणि न सांगितलेली गोष्ट? शक्यच नाही. पेणच्या एस.टी. स्टँडवर चहा निवेपर्यंत मी अख्ख्या गावाचे आवाज काढून दाखवतो. पण ही — ही घशाशी आली की मी घाईघाईने दुसरीच सुरू करतो. भीती वाटते. अजून वाटते.

आधी आमच्या जोहे गावच्या गणपती कारखान्यातली एक पद्धत सांगायला हवी. पळवाट काढत नाही, तिच्याशिवाय पुढचं कळणार नाही. आम्ही ओळीने बसून मूर्ती रंगवतो. हात चालू, तोंडही चालू. फजितीची गोष्ट स्वतःच्या नावाने सांगायची नाही, समोरच्या कुणाला तरी ती ‘द्यायची’. तळ्यात मी पडलो असेन तर म्हणायचं, हा सुध्या पडला. आणि ज्याला दिली त्याने मान डोलावून म्हणायचं, “व्हय, मीच तो.” नाही म्हणाला तर तो रडका. खरं सगळ्यांना ठाऊक असतं, हसू येतं ते त्याचंच.

सुध्या माझा धाकटा चुलतभाऊ. मूर्तीचे डोळे रेखायचं काम, म्हणजे आखणी, आम्ही दोघे करायचो. एका हंगामात मूर्ती फुटल्यावरून रोह्याच्या टेम्पोवाल्याशी भांडण झालं आणि आम्ही त्याला मारलं. दोघांनी. त्याचा जबडा मोडला. पेणच्या कोर्टाने दोघांनाही कैद सुनावली, आम्ही अपील केलं. वकील म्हणाले, गुन्हा काही पुसला जायचा नाही. पण तुरुंगाऐवजी चांगल्या वर्तणुकीच्या हमीवर सोडतीलही. प्रोबेशनचे साहेब चौकशीला येतील, त्यांच्या अहवालाला वजन असतं.

तुरुंगाची भीती कशी असते, सांगू? मी मूर्तीचा डोळा रेखायला कुंचला उचलायचो आणि न रेखताच खाली ठेवायचो. घरी नकला करून बायकोला हसवायचो, मग मोरीत जाऊन ओकायचो.

साहेब आले. भला माणूस. चहा घेतला, माझ्या दोन नकलांवर पोट धरून हसला. आणि मग सहज विचारलं, “इथल्या कुणीतरी पूर्वी एका व्यापाऱ्याला काठीने मारलं होतं म्हणे. कोण तो?”

तो मी. व्यापाऱ्याने ओल्या रंगाला बोट लावलं, आणि मी प्लास्टर ढवळायची काठी घेऊन त्याला पार रस्त्यापर्यंत पिटाळलं. एक चप्पल इथेच टाकून तो बसमध्ये चढला — हे आम्ही रंगवून सांगायचो. त्याचं मनगट मोडलं होतं, ते सांगायचो नाही.

पोरं माझ्याकडे बघू लागली. किती सोपं होतं, नाही? एकच शब्द — मी. पण मी उठलो, काठी उचलली, आणि साभिनय गोष्ट सांगितली. सुध्याच्या नावाने. चप्पल, बस, सगळं. पोरं हसली. त्यांना वाटलं, नानाने खेळ मांडला. सुध्यालाही तेच वाटलं असणार. त्याने रंगाने माखलेला हात वर केला आणि ठसक्यात म्हणाला, “व्हय साहेब, मीच तो.”

साहेब हसले नाहीत. त्यांनी लिहून घेतलं. त्यांना लिहिताना मी पाहिलं — आणि पुढची नक्कल सुरू केली.

खेळ होता, असं मी स्वतःला कितीदा सांगितलं. पण साहेबांना आमची पद्धत कुठे ठाऊक होती? आणि ती ठाऊक नाही, हे मला ठाऊक नव्हतं का?

वरच्या कोर्टाने मला हमीवर सोडलं. सुध्याला सोडलं नाही. मारहाणीची सवय जुनी आहे, असा अहवाल होता. त्याची शिक्षा थोडी कमी झाली, एवढंच. तो आत गेला तेव्हा त्याची मुलगी रांगत होती. परत आला तर ती त्याला बघून आईमागे लपली. तोवर त्याच्या जागेवर बसून मीच आखणी करत होतो. त्याने ब्रश पुन्हा हातात घेतला नाही. सासरच्यांच्या ओळखीने रोह्याला कंपनीत लागला, तिथेच जवळ वरसे गावी राहायला गेला. मला एका शब्दाने काही विचारलं नाही. विचारलं असतं तर बरं होतं — की नसतं?

गेल्या महिन्यात त्याच्या नव्या घराची वास्तुशांत झाली. जेवणाच्या पंगतीत त्याच्या शिफ्टमधली माणसं म्हणाली, नाना, एक होऊन जाऊ दे. मी तोंड उघडणार तोच वाढता वाढता सुध्या म्हणाला, “आज मी सांगतो.” आणि त्याने ती सांगितली. ओला रंग, काठी, चप्पल, बस. मनगटही. मग जिलबीचं ताट हातात धरून माझ्यापाशी थांबला. “तो मारणारा कोण, माहीत हाय? आमचा नाना.”

सगळे माझ्याकडे बघत होते, हसायच्या तयारीत. मी मान डोलावली, आवाज काढला. “व्हय, मीच तो.”

पंगत हसली. सुध्या हसला नाही. माझ्या पानात जिलबी वाढून पुढे गेला.

तिथे ते मी खेळात म्हणालो. इथे पंगत नाही. व्हय, मीच तो.