गोजराबाईचं बक्षीसपत्र

रबाळ्याच्या गावठाणात गोजराबाईचं दोन खोल्यांचं कौलारू घर होतं. बापाला मुलगा नव्हता, म्हणून ते तिच्या नावावर आलेलं. नवरा लवकर गेला, पाठोपाठ तरणाताठा मुलगाही. मागे उरल्या ती, सून रखमा आणि पाळण्यातली नात.

ब्याऐंशी साली नव्या मुंबईसाठी जमीन घ्यायला सरकारी मोजणीवाले तिच्या खाचरात शिरले तेव्हा भात फुलोऱ्यात होतं. गोजराबाईनं त्यांची मोजणीची साखळी धरून ओढली. त्या ओढाताणीत एक मोजणीदार बांधावरून घसरला, त्याचा हात मोडला. सरकारी कामात अडथळा आणि मारहाण, अशी केस तिच्यावर लागली. जामीन मिळाला, पण जिवाला स्वस्थता नव्हती. तुरुंगाचं तिला फारसं भय नव्हतं. आपण आत गेलो तर रखमेला या घरात कोण टिकू देईल, याचा घोर होता. घर सुनेच्या नावावर करावं, असं तिनं चुलतभावाला, गोटीरामला सांगितलं.

"केस हाय तवर तसं करता येत नाय, बाय," गोटीराम म्हणाला. "उलट सरकार घर जप्त करंल. तू आपली पेनला मामाकडं जाऊन ऱ्हा. घर मी बघतो."

गोजराबाईनं गाठोडं बांधलं. रखमा मात्र अडून बसली. "आये, जायच्या आदी जामिनाच्या येळच्या वकीलबाईना तरी इचारू."

दोघी एस.टी.नं ठाण्याला गेल्या. वैजयंती वकील तिशीच्या, बोलायला मोकळ्या. त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

"घर तुमच्या एकटीच्याच नावावर आहे ना? कोर्टानं जप्ती आणलीय?"

"नाय."

"मग करा की सुनेला बक्षीसपत्र. आरोप म्हणजे शिक्षा नव्हे. आपल्या घरावरचा हक्क त्यानं जात नाही."

गोजराबाई बाकावर टेकली. "आन जप्तीचं?"

"तारीख चुकवून फरार झालात, तर कोर्ट जप्ती आणू शकतं. तुम्ही चुकवली का?"

गोजराबाईनं रखमेकडं पाहिलं. उद्याच तर ती पेणला निघणार होती.

"नाय," ती हळूच म्हणाली. "आन आता चुकवनार पन नाय."

पुढच्या आठवड्यात रजिस्टर कचेरीत अंगठा उठवताना तिला राहवलं नाही. कारकुनाकडं वाकून म्हणाली, "सायेब, माज्यावर केस हाय हो."

"असू दे. घर राजीखुशीनं देताय ना?"

"राजीखुशीनं," ती म्हणाली, आणि तिला हसूच फुटलं. रखमेनं पदर तोंडाला लावला.

गोटीराम बरेच दिवस बोलला नाही. केस तीन वर्षं रेंगाळली. प्रत्येक तारखेला गोजराबाई वेळेवर जाऊन कोर्टाच्या ओट्यावर बसायची, शेजारच्या बायांशी भाताच्या भावाच्या गप्पा मारायची. शेवटी साक्षी जुळल्या नाहीत आणि ती सुटली. वकीलबाईंनी अभिनंदन केलं, तर म्हणाली, "बरं झालं. पन माजी सुटका आदीच झालीवती."