कुलपाआडचा आदेश

मंडळी, आज सकाळी घडलं ते दुपारीच वाचनालयाच्या भित्तिपत्रकावर लिहितो आहे.

मी कचेरीबाहेर अर्ज लिहितो. कायदा स्वतः वाचून शिकलो. आज आपल्या मोहल्ल्यातल्या देशी दारू दुकानाच्या परवानाधारक शांताबाई आल्या. मोहल्ल्यात झालेल्या दगडफेकीनंतर दुकान बंद ठेवण्याचा जिल्हाधिकाऱ्यांचा लेखी आदेश मिळून त्यांना अकरा दिवस झाले होते.

"भाऊ, दुकान उघडू द्या म्हणून अर्ज लिहून द्या."

"आदेश दाखवा."

"तो दुकानात हाय. सरकारी कागद परवान्याजवळ लावा लागते न, म्हणून भितीले लावला अन् कुलूप ठोकलं."

"मंग कुलूप काढा."

"अन् लायसन गेलं तं? पोरीईले काय खाऊ घालू?"

"बाई, बंदी विकण्यावर हाय, आत जाण्यावर नाही."

त्यांच्याबरोबर दुकानावर गेलो, शेजारचे दोघे साक्षीला उभे केले, कुलूप काढलं आणि आदेश मोठ्यानं वाचला. बंदी तीन दिवसांची होती. आठ दिवस दुकान उगाच बंद राहिलं.

शांताबाई म्हणाल्या, "मले वाचता येत नाही, अन् कोणी सांगतलं नाही गा."

मुदत संपली की उघडायला परवानगी लागत नाही. दंगल चालू असेल तर पोलीस तोंडीही बंद करायला सांगू शकतात; पण दंगल नसताना कोणी पुन्हा सांगितलं, तर लेखी मागायचं. हे त्यांना दोनदा समजावलं. त्यांनी दुकानाची एक फळी काढली, रस्त्याकडे पाहिलं, मग दुसरी काढली.

दारूचं दुकान म्हणून नाक मुरडणारे मुरडोत. पण त्या कुलपासमोरून आपण सगळे रोज गेलो, मीसुद्धा. एकानं तरी विचारलं का, "बाई, बंदी किती दिवसांची?"