कुणीही मरत नाही असा गेम

आमच्या घरात मोबाइलवर गेम खेळायला बंदी होती. बंदी मीच घातली होती. मुलगी शाळेत असताना तिच्या फोनमधले गेम मी स्वतः पुसून टाकायचो आणि वर अर्धा तास भाषण द्यायचो. उद्यमबागेतल्या एका फाउंड्रीत ओतून आलेले लोखंडी भाग तपासणं हे माझं काम. एवढी वर्षं दुसऱ्यांच्या चुकांवर खडूनं फुल्या मारल्या की ती सवय अंगात मुरते, घरी येताना गेटवर ठेवून येता येत नाही. पुढं मुलगी शिकायला बाहेरगावी गेली. बंदी तशीच राहिली, कारण ती मोडायला घरात कुणी उरलं नव्हतं.

मग गेल्या दिवाळीनंतर आईला अर्धांगवायूचा झटका आला. आईला आम्ही भावंडं आक्का म्हणतो. निपाणीजवळच्या गावी, शेतावरच्या घरात ती राहायची. दवाखान्यातून सोडल्यावर मी तिला पिरनवाडीला माझ्याकडे आणलं. जीभ लवकर सुटली. पायही काठी धरून का होईना चालायला लागला. उजवा हात मात्र मांडीवर पडून राहिला. बोटं मिटलेली, अंगठा आत.

हात गेला म्हणजे काय गेलं, हे मला तिच्या जेवणावरून कळलं. डाव्या हातानं जेवायला ती तयार नव्हती आणि दुसऱ्यानं भरवलेलंही तिला नको होतं. माझी बायको चमचा घेऊन समोर बसली की आक्का भिंतीकडे तोंड करायची. कसेबसे चार घास खायची आणि म्हणायची, "साकु." पुरे म्हणायला आमच्यात मराठी शब्द नाही असं नाही, पण वाद टाळायचा असला की आक्काला कानडी बरी पडते. दोन महिन्यांत तिच्या पोलक्याच्या बाह्या ढिल्या पडल्या. उजवा हात परत आला नाही तर ही बाई उपाशी राहून संपेल, अशी भीती मला वाटायला लागली. मी ती बोलून दाखवली नाही. त्याऐवजी घरात सगळ्यांवर खेकसत फिरलो.

व्यायाम करून घ्यायला शहरातल्या कॅम्प भागातून एक फिजिओथेरपीची बाई यायची. तरुण, हसरी, कानडी बोलणारी. "अज्जी, निधाना, निधाना," म्हणजे सावकाश, असं म्हणत ती आक्काच्या बोटांत रंगीत खुंट्या द्यायची, मातीचा गोळा दाबायला लावायची. ती असेपर्यंत आक्का मुकाट करायची. बाईची स्कूटी वळणावर गेली की गोळा खाटेखाली जायचा.

"म्हातारपणी मला बालवाडीत घातलायसा व्हय रं?" ती मला म्हणाली. "शेजारपाजारचं बघत्यात. लाज वाटती."

एके दिवशी त्या बाईनं जाताना मला बाजूला घेतलं. हे सुरुवातीचे महिनेच महत्त्वाचे असतात, बोटं आता हलली तर हलली, असं तिनं स्पष्टच सांगितलं. "सर, मोबाइलमध्ये एखादा गेम घालून द्या. बोटानं दाबायचं, अंगठ्यानं ओढायचं. आजी-आजोबांना आवडतं ते." मी मान हलवली. गेम फोनमध्ये कसा घालतात हे मला माहीत नव्हतं. पुसायचं कसं तेवढं मला येत होतं.

रविवारी सकाळी बायकोचा जुना फोन घेऊन बसलो. रंगीत त्रिकोणावर दाबलं की गेमचं दुकान उघडतं, एवढं ऐकून होतो. दुकानानं आधी मेल आयडी मागितला, मग पासवर्ड. तीनदा चुकल्यावर मुलीला फोन लावला. "पप्पा, तुम्ही? गेम?" असं म्हणून ती इतका वेळ हसली की मी दोनदा फोन ठेवायची धमकी दिली. पासवर्ड तिनंच करून ठेवलेला होता, तो मिळाला. तर आता फोन म्हणाला, जागा नाही. आत पाहिलं तर पाहुण्यांनी पाठवलेल्या शुभ सकाळी. गुलाब, सूर्योदय, मंदिरं, पुन्हा गुलाब. सगळे एकदम पुसता येतात हे मला ठाऊक नव्हतं, म्हणून एकेक पुसत बसलो. दुपारी जेवणाच्या वेळेला जागा झाली. मग 'बोटांचा व्यायाम' असं शोधून, ज्याला लोकांनी सगळ्यात जास्त तारे दिले होते तो गेम मी इन्स्टॉल केला. गोल पट्टा फिरत फिरत पूर्ण भरला तेव्हा मला स्वतःचं फार कौतुक वाटलं.

फोन आक्काच्या पुढ्यात उशीवर ठेवला, तिचा हात उचलून त्यावर नेला. पडद्यावर एका बाजूनं मुंग्या निघाल्या.

"ह्या मुंग्या हाईत?"

"व्हय."

"आन् म्या काय करायचं?"

"बोटानं दाबायच्या. जितक्या दाबशील तितके मार्क."

तिनं माझ्याकडे ज्या नजरेनं बघितलं, त्या नजरेनं यापूर्वी तिनं फक्त एकदा बघितल्याचं मला आठवतं, मी शाळेची फी सिनेमात घालवली तेव्हा. आम्ही जैन. पाणी गाळून पिणारी, चूल पेटवायच्या आधी लाकडं झटकून बघणारी, मुंग्यांच्या वारुळाशी रोज चिमूटभर पीठ ठेवून येणारी ही बाई. आणि तिचा पन्नाशी ओलांडलेला मुलगा तिला मुंग्या चिरडायचे मार्क मिळतील म्हणून सांगत होता.

"अगं, खऱ्या न्हाईत त्या. काचेखाली नुसती चित्रं," मी म्हणालो.

"मुंगी खोटी आसंल," ती म्हणाली, "बोट तर माझं हाय न्हवं?"

तिनं डाव्या हातानं उजवा हात उचलला आणि पदराखाली घेतला. नंतर तीन दिवस तिनं व्यायामाच्या बाईलाही त्याला हात लावू दिला नाही. मी केलेल्या गाढवपणाची शिक्षा ती भोगत होती, आणि हे मला फार लागलं.

गेम काढून टाकला आणि दुसरा शोधायला लागलो. तेव्हा माझ्या लक्षात आलं की या दुकानात जिकडेतिकडे मारामारी आहे. मासे गळाला लावायचे, पक्षी फेकायचे, काही नाही तर फळं तलवारीनं उडवायची. फळं तरी चालतील म्हणून दाखवली, तर आक्का म्हणाली, आज चौदस हाय, आज हिरवं कापायचं न्हाय. फुगे फोडायचा एक सापडला. त्यात जीवही नाही आणि भाजीही नाही. ती एक बोट उचलणार एवढ्यात मधेच जाहिरात आली आणि पडदाभर चिकन बिर्याणीची हंडी वाफाळायला लागली. मी फोनवर झडप घातली. आक्का डोळे मिटून णमोकार म्हणत होती.

तेव्हापासून प्रत्येक गेम मी आधी स्वतः शेवटपर्यंत खेळून बघायला लागलो. फाउंड्रीत जेवणाच्या सुट्टीत, डबा बाजूला सारून. कामगार येता-जाता बघायचे आणि तोंड फिरवून हसायचे. मी खडूस आहे हे त्यांना माहीत होतं, पण खडूस माणूस ससा उड्या मारताना जीभ बाहेर काढून बसतो हे त्यांना नवीन होतं. बरेच गेम नापास झाले. ससा पुढच्या टप्प्यावर कोल्ह्याच्या तोंडी जायचा.

शेवटी कॅम्पातल्या एका मोबाइलच्या दुकानात गेलो. "असा गेम पाहिजे की ज्यात कुणीही मरत नाही," मी म्हणालो. दुकानदार काउंटरवर कोपरं टेकून बघतच राहिला. "अण्णा, मग खेळायचं काय?" पण मी सगळं सांगितल्यावर तो गंभीर झाला. त्याच्या वडिलांनाही असंच झालं होतं म्हणे. त्यानं माझ्या हातातून फोन घेतला आणि एक साधा गेम घालून दिला. पडद्यावर चार वाट्या आणि मधे रंगीबेरंगी मण्यांची रास. एकेक मणी अंगठ्यानं ओढून आपल्या रंगाच्या वाटीत न्यायचा. संपलं. "आणि खेळताना नेट बंद ठेवा," तो म्हणाला, "जाहिरात येणार नाही." इतकी मोठी युक्ती मला कुणी आधी सांगितली नव्हती.

या खेपेला मी खेळ हा शब्दच काढला नाही. आक्कानं राशीकडे बघितलं, वाट्यांकडे बघितलं.

"निवडायचं काम हाय व्हय? मग तसं आधी सांगायचंस की."

तेव्हा मला उमगलं की तिला नुसत्या मुंग्यांचा त्रास झाला नव्हता. भर दिवसा खाटेवर बसून खेळणं हीच तिला शरम होती. आयुष्यभर तिनं दिवसाउजेडी कधी हात रिकामा ठेवला नव्हता. काम म्हटल्यावर तिचा चेहराच बदलला. पहिला मणी वाटीत पडायला सगळी सकाळ गेली. अंगठा हलायचा नाही, सगळा खांदाच पुढं यायचा. पण मणी पडल्यावर फोननं टिंग असा आवाज केला, आणि ती लहान मुलीसारखी हसली. मी न्हाणीघरात जाऊन तोंड धुऊन आलो.

शेजारीण आली की आक्का सांगायची, "निवडत बसलोय." काय निवडतेस असं कुणी विचारलं नाही. गुढीपाडव्याच्या आधी तिनं नियमच घेतला. आमच्यात एखादी गोष्ट मनावर घेतली की तिचा नियम घेतात. कुणी चातुर्मासात गूळ सोडतं, कुणी दर्शन घेतल्याशिवाय पाणी पीत नाही. आक्काचा नियम असा, की पाच डाव निवडल्याबिगर दुपारी जेवायचं नाही. व्यायामाच्या बाईनं ऐकलं तेव्हा तिनं आधी कपाळाला हात लावला आणि मग आक्काच्या पायाला.

आणि इथं मी पुन्हा माती खाल्ली. एका मंगळवारी कामावर निघताना फोन मंद झालाय म्हणून साफ करायला घेतला. नापास गेम भराभर काढून टाकले. त्यात मण्यांचाही गेला.

बारा वाजता बायकोचा फोन. "अहो, आत्ती जेवत नाहीत. त्यांचा तो गेम कुठं आहे?" सासूला ती आत्ती म्हणते. सकाळी आपण काय पुसलं ते तेव्हा माझ्या ध्यानात आलं. साहेबांना सांगून गाडी काढली. पिरनवाडीला येतो तर दुरुस्तीसाठी वीज बंद, आणि वीज गेली की आमच्याकडे फोनला नीट नेट मिळत नाही. गोल पट्टा अर्ध्यावर येऊन थांबला. गच्चीवर गेलो, टाकीवर चढलो, फोन वर धरून उभा राहिलो. पट्टा हलेना. दोन वाजले, अडीच वाजले. आमच्यात दिवस मावळायच्या आत जेवतात. आज हे जमलं नाही तर म्हातारी उद्यापर्यंत उपाशी राहणार आणि नियम मोडायला सांगायची माझी हिंमत नव्हती. टाकीवर उभा राहून मी स्वतःला जितक्या शिव्या दिल्या तितक्या फाउंड्रीत कुणाला दिल्या नसतील.

तीनच्या सुमाराला हार मानून खाली आलो. आक्का खाटेवर नव्हती. स्वयंपाकघरात जमिनीवर, पाठीला पाट लावून बसली होती. समोर ताट. तिनं सुनेकडून मूग आणि चवळी एकत्र करून मागून घेतली होती. ताटाच्या एका कडेला मुगाच्या पाच लहान लहान ढिगल्या होत्या, दुसऱ्या कडेला चवळीच्या पाच. बायको चुलीपाशी नुसती उभी होती, डोळे पुसत.

"कुठं गेलतास रं उन्हात?" आक्का म्हणाली. "पाच डाव झालं माझं. वाढा आता."

बायकोनं भाकरी, आमटी वाढली आणि सवयीनं चमचा घेऊन समोर बसली. आक्कानं चमचा बाजूला सारला. उजवा हात सावकाश उचलला, भाकरीवर ठेवला. अंगठा दाबला. भाकरी तुटायला वेळ लागला, पण तुटली. घास आमटीत बुडला, वर आला, तोंडापर्यंत गेला आणि ऐनवेळी ताटात पडला. मला राहवलं नाही. तो उचलून तिला द्यावा म्हणून मी हात पुढं केला.

फाटकन माझ्या मनगटावर फटका बसला.

"हात काढ. जेवू दे मला."

चांगलाच लागला. उजव्या हाताचा होता. मी हात काढला नाही, तिथंच ताटापाशी ठेवला आणि म्हणालो, "आक्का, अजून एक मार की गं."