रुगिय्याताई कधी रडली?

जरीर मला कधीच फार शहाणा वाटला नाही, आणि हे मी पंचवीस वर्षं त्याच्या सिनेमांचे कपडे शिवून सांगतेय. मालदीवच्या राजधानीत, मालेत, माझ्या दुकानामागच्या खोलीत बसून तो हिंदी सिनेमाची कॅसेट दोनदा बघायचा आणि तिसऱ्या दिवशी तीच गोष्ट आमच्या धिवेही भाषेत लिहून मोकळा व्हायचा. एकदा गडगंज श्रीमंत बाप रेशमी झगा घालून जिना उतरतो, असा सीन होता. शूटिंगच्या बेटावर जिना एकच, शाळेचा. बाप ऐटीत उतरतोय आणि मागे भिंतीवर पाढे. झग्याला मी अस्तर लावलेलं, त्या उकाड्यात नट भोवळ येऊन पडला. जरीरने ते तसंच ठेवलं आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या.

आता टाळ्या कुठल्या! मूळ सिनेमा ज्याच्या त्याच्या फोनवर असताना नकलेला तिकीट कोण काढतो? दोन वर्षं जरीरला काम नव्हतं. छप्पन्न वर्षांचा बाप्या, रोज माझ्या दुकानात येऊन सुपारी कातरत बसायचा. मला त्याचा राग यायचा आणि पोटात तुटायचंही.

शेवटी लायशा नावाची एक तरुण निर्माती त्याला म्हणाली, "काका, तुमच्या घरातली गोष्ट द्या. मी सिनेमा करते. पण जिची गोष्ट आहे तिचा होकार आणा, नाहीतर पाचशे माणसांच्या बेटावर आपल्याला कोणी पाणीसुद्धा विचारणार नाही."

हिंदीतून उचललं की शेजारीपाजारी कोणी रुसत नाही. घरचं लिहिलं की गाठ घरच्यांशीच. जरीरने लिहिली होती त्याच्या थोरल्या बहिणीची गोष्ट. रुगिय्याताईला एकाच नवऱ्याने तीनदा तलाक दिला होता; दोनदा परत नांदवलं, तिसऱ्यांदा कायमचं सोडलं. ती नाही म्हणाली असती तर सिनेमा गेला असता आणि जरीर कायमचा घरी बसला असता. जुन्या कपड्यांचे नमुने बघायचे म्हणून मीही त्याच्याबरोबर ताईच्या बेटावर गेले. खरं तर तो एकटा जायला घाबरत होता.

ताई ओसरीवर काथ्या वळत बसली होती. सत्तरीला टेकलेली, पण हात असे चालत होते की आपल्याला धाप लागावी. तिने आमच्यापुढे नीरफणसाचे तळलेले काप ठेवले आणि म्हणाली, "वाच. बघू काय दिवे लावलेस ते."

जरीर वाचू लागला. पहिल्या तलाकाला ताई खुदकन हसली. "मेला अगदी असाच बोलायचा," म्हणाली. दुसऱ्याला म्हणाली, "बरं आहे." मग तिसरा आला. वीज कडाडते, दिवा विझतो, बाई विहिरीच्या कठड्यावर डोकं आपटून रडते. सात पानं नुसतं रडणं. ताईचे हात थांबले.

"ही बाई कोण?"

"तू, ताई."

"मी? मी कधी रडले रे?"

"अगं, नवऱ्याने कायमचं सोडल्यावर..."

"त्या दिवशी मशिदीपलीकडे लग्न होतं. दोनशे रोश्या लाटल्या मी. मला सोडून नवरोबाही तिथेच जेवायला. वर आणखी दोन मागून घेतल्या." ती माझ्याकडे वळली. "नशीदा, तू तरी सांग. दोनशे रोश्या लाटणारी बाई रडेल की कंबर धरून बसेल?"

मला हसू आवरेना. जरीरचा चेहरा मात्र पार उतरला. वही मिटत तो म्हणाला, "मग नकोच करू या. तू रडलीच नाहीस, तर मी लिहू तरी काय?"

"रडले नाही असं कुठं म्हणाले मी?"

ताईने काथ्या बाजूला ठेवला.

"तू बारा वर्षांचा होतास. शिकायला मालेला धाडलं तुला. आई गेल्यापासून मीच तर वाढवलेला. आठ दिवस दोघांचं रांधत होते. चुलीपुढे बसायचं आणि रडायचं. सगळ्या बेटाला ठाऊक आहे. तुला कसं ठाऊक असणार? तू तर होडीत बसून गेलास."

आजवर एकोणीस सिनेमांत बायकांना रडवलेला माणूस, खाली मान घालून बसला. खोटं कशाला सांगू, मीही पदराने डोळे पुसले.

"हे लिहिणार असशील तर माझी ना नाही," ताई म्हणाली. "शूटिंग याच ओसरीवर करा. ती विजेची पानं तेवढी चुलीला दे."

त्याने सातही पानं फाडली. पुढचं लिहायला त्याचा हात चालेना, म्हणून वही मी घेतली आणि माझ्या कामाचं तेवढं विचारलं, "ताई, हा मालेला गेला त्या दिवशी तुमच्या अंगावर काय होतं?"

"माझ्या? ते काही आठवत नाही बाई," ती म्हणाली. "त्याच्या अंगावर निळा सदरा होता. वरून तिसरं बटण तुटलेलं. लावते लावते म्हणत होते आणि होडी सुटली."