गडग्याबाहेरची पालखी

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. आत्माराम तसा शहाणाच, पण राग आला की त्याचं शहाणपण चरायला जायचं. पूर्णगडच्या बाजूच्या त्याच्या गावात ग्रामपंचायतीनं शाळेची वाट रुंद करायला काढली, ती नेमकी त्याच्या अंगणाच्या कडेनं. पंचायत म्हणाली, ही पट्टी गावठाणातली. आत्माराम म्हणाला, माझ्या आज्यानं इथं कुंपणाला जांभ्या दगडाचा गडगा घातलाय, जागा माझी; आणि त्यानं दावा लावला. त्र्याऐंशी साली रत्नागिरीच्या कोर्टानं हुकूम दिला, निकाल लागेपर्यंत सगळं जैसे थे. गडग्याचा दगड कुणी हलवायचा नाही, पंचायतीनं नाही नि आत्मारामनंही नाही.

इथवर त्याचं काही चुकलं नव्हतं.

चुकलं ते पुढच्या शिमग्यात. गावदेवी जाखाईची पालखी घरोघर फिरते. आत्मारामच्या अंगणात ती यायची ती गडग्याचे वरचे दगड उतरवून, आणि ते दगड दरवर्षी तोच उतरवायचा. त्या वर्षी मात्र हुकमाच्या धाकानं तो हाताची घडी घालून उभा राहिला. मग सरपंच रावजीनंच हसत हसत दगड बाजूला केले. रावजी त्याचा लहानपणापासूनचा दोस्त. पालखीचा पुढचा खांदा त्याचा. पालखी आली, नाचली, ओटी भरून झाली. दुसऱ्या दिवशी रावजीनं दगड परत रचूनही दिले.

पण वकिलानं आत्मारामच्या कानात भरवलं, "आज पालखी गेली, उद्या पंचायत म्हणेल ही गावाचीच वाट." झालं! सरपंचावर कोर्टाच्या बेअदबीचा अर्ज पडला. कैद टळली, पण रावजीला भर कोर्टात माफी मागावी लागली. त्या गडग्याला पुन्हा हात लावणार नाही आणि लावू देणार नाही, असं त्यानं लिहून दिलं. आत्माराम छाती फुगवून एसटीतून उतरला.

"रावजीभावजी मान खाली घालून उभे व्हते?" बायकोनं, तुळसानं, विचारलं.

"व्हता तर!"

तिनं त्याला वाढलं. स्वतः जेवली नाही.

पंच्याऐंशीच्या शिमग्याला सून कमळा तान्हं बाळ घेऊन मुंबईहून आली. कितीतरी वर्षांनी झालेलं पोर. पालखी अंगणात आली की नातवाला देवीच्या पायाशी ठेवीन, असा तुळसाचा नवस होता. आता आत्मारामचा जीव खालीवर व्हायला लागला. तो वकिलाकडे धावला. वकील म्हणाला, तारीख पाडव्यानंतरची आहे, तेव्हा बघू. शेवटी अभिमान गिळून तो रावजीच्या दारात गेला.

"मी कायबी तक्रार करनार नाय, रावजी. येव दे पालखी."

"तू नाय करनार. पन मी जजासमोर लिवून दिलंय, त्याचं काय करू?"

रावजीच्या बोलण्यात राग नव्हता. राग असता तर आत्मारामला बरं वाटलं असतं.

पालखी आली ती रस्त्यावरच थांबली. आत्माराम धावत सुटला आणि स्वतःच गडग्याचे दगड भराभर खाली टाकू लागला. "मीच मोडतो हुकूम! घाला केस माझ्यावर!" वाट मोकळी झाली, पण कुणी पाऊल उचललं नाही. गुरवानं देवीला गाऱ्हाणं रस्त्यावरूनच घातलं.

तेव्हा तुळसा उठली. ओटीचं ताट तिनं सुनेच्या हाती दिलं, नातवाला उचललं आणि नवऱ्याकडे न बघता, पडलेल्या दगडांतून वाट काढत रस्त्यावर गेली. खांदेकऱ्यांनी पालखी टेकवली. तिनं पोर देवीच्या पायाशी ठेवलं, तसा रावजी ढसाढसा रडला. सारवलेल्या अंगणात आत्माराम एकटा उभा होता. बाहेर जायचं धैर्य त्याला झालं नाही.

पुढेही पालखी रस्त्यावरच थांबत राहिली. अठ्ठ्याऐंशी साली निकाल त्याच्या बाजूनं लागला. पंचायतीनं वाट केव्हाच देवळामागून काढली होती. शिमगा जवळ आला तसा तो रावजीकडे गेला.

"जिकलो रे. आता काय अडचन नाय. औंदा येव दे पालखी आत."

रावजीनं त्याला बसायला पाट दिला. मग म्हणाला, "निकाल लागला तसा मी वैनीला इचारलं व्हतं. ती म्हनाली, नको भावजी, आमीच येतो रस्त्यावर. तुमाला आत बोलवायला मला तोंड नाय."

आत्माराम घरी आला. तुळसा ओटीवर बसून तांदूळ निवडत होती. मान खाली घालून तो तिच्यासमोरून आत गेला.